पाहुण्यांसाठी फिरलेली बॉबिन

घरंगळत जाऊन मी पिठाच्या डब्यावर आदळले. टण्. सुरतच्या गोडादऱ्यातल्या या खोलीत दुपारपासून माझाच आवाज होता. सहा वर्षांच्या अनुजाने मला उचललं आणि पुन्हा सोडून दिलं.

मित्रांनो, मी धागा गुंडाळायची एक जुनी बॉबिन आहे. अॅल्युमिनियमची, कडेला पोचा आलेली, मधून पोकळ. माझ्यावर आता सूत नाही. त्याचं वाईट वाटतं का म्हणाल, तर खरं सांगते, काहीच वाटत नाही.

इथून जवळच, पांडेसऱ्याच्या एका कारखान्यात केसाहून बारीक नायलॉनचा धागा माझ्यावर गुंडाळला जाई. मशीनच्या आमच्या रांगेवर अनुजाची आई, स्वप्ना, होती. भरलेली बॉबिन उतरवताना ती मला तान्ह्याला धरावं तशी धरायची. तेव्हा अनुजा पोटात होती. व्यापारी आला की शेठ मलाच पुढे करत.

मग परदेशी धागा येऊ लागला. त्यांच्या देशात विकतात त्याहूनही स्वस्त. याला डंपिंग म्हणतात. आमच्या निम्म्या रांगा थांबल्या. माझ्यावर धूळ बसली.

त्या धाग्यावर जादा कर लावा, अशी दाद कारखानदारांनी सरकारकडे मागितली. पण मित्रांनो, माल स्वस्तात आला एवढ्यावर कर लागत नाही. इथल्या उद्योगाला इजा झाली का, ते आधी बघतात. विक्री घटली का, भाव पाडावे लागले का, माणसं कमी झाली का. आणि झाली असेल, तर ती त्या मालामुळेच की आपला कारभार ढिला म्हणून, हेही निवडून काढतात, तांदळातले खडे काढावेत तसं.

हे तपासायला दिल्लीहून साहेब येणार होते. आदल्या दिवशी मुकादम दगाभाऊंनी सगळं खातं धुऊन काढलं. बंद मशीनना तेल घातलं, दसऱ्यासारख्या झेंडूच्या माळा चढवल्या. स्वप्ना म्हणाली, भाऊ, बंद आहे तेच तर दाखवायचंय. पाहुण्यांना बंद मशीन दाखवणं त्यांना पटेना; ते आपल्या अहिराणीत म्हणाले,

"पाव्हणास्ले बंद मशीन दखाडतस का?"

उरलासुरला धागा लावून सगळ्या रांगा सुरू झाल्या. मीही फिरले. साहेबांनी चहा घेतला, आमच्याकडे पाहिलं आणि विचारलं, ही रांग कधीपासून चालू आहे?

"साहेब, आपलं खातं कधीच बंद नसतं," दगाभाऊ छाती काढून म्हणाले.

शेठनी कपाळाला हात लावला; खातं चालूच असेल, तर इजा कुठली? स्वप्ना पुढे झाली. तिने एक माळ बाजूला केली आणि मशीनमागचं कोळ्याचं जाळं दाखवलं. तेवढं पुसायचं राहिलं होतं. साहेब म्हणाले, मी विजेची बिलंही बघणार आहे. दगाभाऊ मान खाली घालून उभे राहिले.

निकाल अजून यायचाय. स्वप्नाची रांग मात्र त्याआधीच बंद झाली. शेवटच्या दिवशी दगाभाऊंनी मला तिच्या हातात दिलं, पोरीला खेळायला.

अनुजाचे बाबा, लोकेश, लिंबायतला लूमवर कापड विणतात. त्यांच्या लूमवर तोच परदेशी धागा लागतो, स्वस्त म्हणून. आज सकाळी डबा भरताना ते म्हणाले, "कर लागला तर तुझी रांग चालेल अन् माझा लूम थांबेल. मग डबा तू ने, पोळ्या मी लाटतो."

"तुमच्या पोळ्या तर साहेबही नापास करतील," स्वप्ना म्हणाली. दोघं थोडं हसले. मग ते गेले.

मित्रांनो, जुन्या वस्तू टाकू नका, जपा, एवढं सांगून मी थांबणार होते. पण स्वप्ना पीठ मळायला बसली आणि अनुजा त्या कराबद्दल विचारत गेली म्हणून ती सांगत गेली. इजा मोजतात ती धागा बनवणाऱ्यांची. विणणाऱ्यांनाही आपलं म्हणणं मांडता येतं, पण इजेच्या हिशोबात ते धरत नाहीत.

अनुजाने मला डोळ्याला लावलं आणि माझ्या पोकळीतून आईकडे पाहिलं.

"मग आई, आपल्या घराला इजा झाली की नाही, ते कोण बघणार?"

स्वप्नाने पिठाच्या हातानेच मला घेतलं आणि माझ्या पोकळीतून अनुजाकडे पाहिलं.