नऊ नंबरचा बूट

मैदानावर तिला सगळे टोळ म्हणत. तसल्या लांब तंगड्या साऱ्या संघात दुसऱ्या कुणाच्या नव्हत्या. राष्ट्रीय स्पर्धेला निघताना दादानं साफ सांगितलं होतं की, लांब उडीत पहिल्या तिघींत आलीस तर खुशाल सराव शिबिराला जा, नाहीतर हा नाद सोड आणि माझ्या बुटांच्या दुकानात बस. दादा वाईट नव्हता. कंटाळला होता.

शेवटच्या उडीआधी टोळ चौथी होती. या उडीला मात्र तिचा पाय फळीवर नेमका पडला आणि ती वाळूत एवढ्या लांब जाऊन पडली की, कडेला बसलेल्या तिसरीनं तोंड ओंजळीत लपवलं. पंचांनी पांढरं निशाण वर केलं. उडी खरी. राहिलं होतं फक्त मोजणं. आपला ठसा बिघडू नये म्हणून टोळ शहाण्यासारखी खड्ड्याच्या पुढच्या टोकानं बाहेर पडली.

तेवढ्यात प्रमुख पाहुणे उगवले. यायचे होते सकाळी, उद्घाटनाला. त्यांची वाट बघत खेळाडू उन्हात वाळत पडले होते, पण त्याचं कुणाला काय पडलंय. टाळ्या ऐकून साहेबांना वाटलं, आपल्याच. हातात गुच्छ होताच. फोटोवाला म्हणाला, इकडून या, आणि साहेब बाजूनं वाळूत उतरून, खड्डा तुडवत थेट तिच्यापर्यंत गेले. मागोमाग संघटनेचे सचिव, हसत, तीच वाळू तुडवत.

मोजताना फळीला सगळ्यात जवळची खूण धरतात. सगळ्यात जवळ आता साहेबांची टाच होती.

पंच हळूच म्हणाले की, अशा वेळी खेळाडूला नवी उडी देतात, नियमच आहे. सचिवांनी त्यांना बाजूला घेतलं. कारण काय लिहिणार, साहेबांनी खड्डा तुडवला म्हणून? पंचांना पुढच्या वर्षीही पंच व्हायचं होतं. त्यांनी टेप टाचेला लावली.

टोळ वाळूत गुडघ्यांवर बसली. अर्धं आयुष्य दादाच्या दुकानात गेलेलं, ठसा बघून तिला नंबर कळायचा.

"हा पाय माझा नाही," ती म्हणाली. "माझा सहा नंबर. हा नऊचा आहे, चामड्याच्या तळव्याचा."

"अगं, पुरे आता," सचिव दातओठ खात म्हणाले.

"मग निकालात साहेबांचं नाव घाला. उडी त्यांची आहे."

साहेब पोट धरून हसले. पोरगी मोठी विनोदी आहे, म्हणाले, आणि तिची पाठ थोपटली. संध्याकाळी बक्षिसं वाटताना ते हार पचवण्यावर बराच वेळ बोलले. टोळ चौथीच राहिली होती. तिला खाली बसून ऐकावं लागलं.

दुसऱ्या दिवशीच्या पेपरात फोटो छापून आला. वाळूत उभे साहेब, गुच्छ, आणि कडेला ती. दादानं तो चौकटीत घालून दुकानात लावला. बहिणीचं कौतुक त्याला होतंच, शिवाय एवढा मोठा माणूस फुकटात भिंतीवर येत होता.

आता टोळ त्याच फोटोखाली बसते. गिऱ्हाईक मान वर करून बघतं, बोट दाखवतं.

"ताई, तसला बूट आहे का?"

"आहे ना," ती म्हणते, आणि वरच्या फळीवरून खोका काढायला उडी मारते. शिडी तिला लागत नाही.