फोटोतला तवा

आमच्या ऑनलाइन दुकानाचा एकच नियम होता: जी वस्तू आपल्या स्वयंपाकघरात टिकली नाही ती विकायची नाही. नियम सासूबाईंचा, दुकान माझं आणि धाकट्या जावेचं, आणि जागाही सासूबाईंची. जेवणाच्या टेबलावर पॅकिंग, सोफ्यावर चहाच्या किटल्या, आणि न्हाणीघरात जायचं तर खोक्यांमधून आडवं होऊन जायचं. तरी धंदा असा वाढत होता की सांगायची सोय नाही. दृष्ट लागेल म्हणून गप्प बसायचे, एवढंच.

बिडाचे तवे विकायला घेतले तेव्हा घोळ झाला. नवा तवा फोटोत इतका करडा, रडका दिसायचा की मीसुद्धा घेतला नसता. धाकटीने मग सासूबाईंचा, म्हणजे आईंचा, रोजचा तवा उचलला. काळाभोर, आरशासारखा. फोटो झक्क आला आणि मागण्यांचा नुसता पाऊस. त्या गर्दीत फोटो काढून टेबलावर ठेवलेला तो तवाही तिने झकास बबलच्या प्लास्टिकमध्ये गुंडाळला आणि पाठवून दिला.

सकाळी आई अंडं हातात घेऊन ओट्यापाशी उभ्या राहिल्या.

"माझा तवा?"

धाकटीने माझ्याकडे पाहिलं, मी धाकटीकडे.

"आई, तो बहुतेक... गेला."

"गेला म्हणजे? वारला?"

कोणी हसलं नाही. लग्न होऊन आल्यापासून त्या तव्याला त्यांनी दुसऱ्या कुणाला हात लावू दिला नव्हता. अंडं परत टोपलीत ठेवून त्या म्हणाल्या, "तवा घरी येईस्तोवर माझ्या घरातून एक खोकं बाहेर जाणार नाही." आणि दारातच खुर्ची टाकून बसल्या. कुरिअरवाला आला, त्याला पाणी दिलं, परत पाठवला.

दुकान ऐन भरात, आणि दाराला सासू. तवा कुणाकडे गेला ते यादीतून शोधलं आणि तो पोचल्यावर मी त्या गिऱ्हाईक बाईंना फोन लावला. बाई दातांच्या डॉक्टर. आवाज असा गोड की आपणच तोंड उघडावं.

"परत कशाला देऊ? फोटोत दाखवला तोच आलाय. असं प्रामाणिक दुकान मी पहिल्यांदा पाहिलं!"

नवा तवा देते म्हटलं, वर कढई देते म्हटलं. बाई ढिम्म.

"अगदी असाच दुसरा द्या, मग हा घेऊन जा."

आईंनी माझ्या हातातून फोन काढून घेतला. "एक सांगा हो, तो साबणाने नाही ना घासलात?"



"एकदाच," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "तारेच्या घासणीने."

आईंनी डोळे मिटले. मला वाटलं, आता संपलं. पण डोळे उघडले तेव्हा त्यांचा आवाज शाळेतल्या बाईंसारखा झाला होता. "रविवारी तवा घेऊन या. तुमच्यासाठी तसाच दुसरा करून ठेवते. आणि तोवर त्याला पाणी दाखवू नका!"

तो आठवडाभर घरात धूर. करडा तवा मुरवायचा म्हणजे तो तापवायचा, तेलाचा पातळ हात फिरवायचा, धूर निघेपर्यंत ठेवायचा, निववायचा, पुन्हा तेच. धाकटी खोकत म्हणाली, "ताई, आईंनी आपल्याला मुरवायला एवढे कष्ट घेतले नव्हते."

"तुम्ही लगेच चिकटलात," आई आतून म्हणाल्या. कान शाबूत.

रविवारी डॉक्टरीणबाई आल्या, मान खाली घालून. तव्याला कडेने गंज चढला होता. आईंनी त्याला तेल चोळलं आणि नव्या तव्यावर अंडं फोडलं. तवा जरा कलता केला. अंडं घसरत जाऊन ताटलीत बसलं. डॉक्टरीणबाईंनी ते उभ्याउभ्याच खाल्लं आणि पर्स उघडली.

"बहिणीसाठी पण हवाय. असाच. केलेला."

धाकटीने माझ्या पायावर पाय दिला. मलाही तेव्हाच कळलं होतं, पाय देण्याची गरज नव्हती.

दारातली खुर्ची त्याच संध्याकाळी उठली. आता ती आमच्या नव्या गोदामात असते. तिथे शेगड्यांची रांग आहे, धूर ओढणारे पंखे आहेत, तवे मुरवणाऱ्या बायका आहेत आणि मधोमध आई. करडा तवा आम्ही विकतच नाही. तवा पोचला की गिऱ्हाइकाला आईंचा फोन जातो, साबणाबद्दल. काही लोक ओरडा खायला मिळावा म्हणून दुसरा तवा मागवतात, असा मला दाट संशय आहे. मध्यंतरी एका मोठ्या दुकानाने आमचे तवे ठेवू का म्हणून विचारलं. आम्ही हो म्हटलं, पण फोन आईच करतील ही अट घातली. त्यांनी मानली.

आईंचा स्वतःचा तवा पुन्हा काळाभोर झालाय. परवा धाकटीने फोटोसाठी मागितला.

"घरी येऊन काढ," आई म्हणाल्या. "आणि पिशवी बाहेर ठेवून ये."