दुसऱ्या बाजूचा उजेड

ज्या दिवशी मला कोणी कठड्यावर ठेवले नाही, त्या दिवशी मला कळले की मिरेल गेली.

आमच्या हार्न दरीत ऊन फक्त दुपारी उतरते. ते उतरायच्या आत मिरेल मला लोकरीच्या पिशवीतून काढून अंगणाच्या कठड्यावर मांडायची. त्या दुपारी मी पिशवीतच राहिलो. बाहेर बायकांचे रडणे ऐकू येत होते. मग तिचा नवरा ओद्रान आत आला. त्याने पिशवीचे तोंड घट्ट बांधले आणि मला जवाच्या पेटीत तळाशी पुरून ठेवले.

मित्रांनो, मी एक ऊनखडा आहे, आणि आता बराच जुना झालो आहे. डोंगराच्या पोटात मी किती काळ पडून होतो, ते मलाही ठाऊक नाही. तिथे उजेड नव्हता, म्हणून दिवसही नव्हते. मिरेलच्या वडिलांनी मला छिन्नीने मोकळे केले आणि खाणीच्या तोंडाशी आणले, तेव्हा माझ्यावर पहिल्यांदा ऊन पडले. ते मी पोटात घेतले. संध्याकाळी मला घरात नेल्यावर तेच ऊन मी परत दिले. आम्हा खड्यांना एवढे एकच काम येते.

दरीत नवरी सासरी येताना खडा घेऊन येते. मिरेल मला ओंजळीत घेऊन या घरात आली.

खडा नुसता उन्हात टाकून भरत नाही. वरची बाजू भरते, खालची तशीच राहते. म्हणून ऊन कठड्याच्या मध्यावर आले की खडा उलटावा लागतो. मिरेल लोकर रंगवायची. हातातले काम टाकून ती धावत यायची, आणि मंजिष्ठेने लाल झालेल्या बोटांनी मला उलटायची. शेजारीच दोरीवर तिच्या लाल लडी वाळत असत. त्यांच्यातून गाळून आलेले ऊन माझ्यावर पडे. त्यामुळे इतर घरांतले खडे दुधासारखा उजेड देत, तर माझा उजेड किंचित लाल असे.

मिरेलची थोरली बहीण वेरुका शेजारीच राहते. ती म्हणायची, “काय गं, तुझ्या घरात रोजच लग्न असतं का?”

“असतं की,” मिरेल म्हणायची. “तुला आमंत्रण नाही म्हणून जळतेस होय?”

ते दिवस फार चांगले होते. ओद्रान झुलत्या पुलाचे दोर बांधतो. धुके उतरले की तो मला कमरेला अडकवून पुलावर न्यायचा. कोणाकडे बाळंतपण असले की मिरेल मला तिकडे न्यायची, कारण माझ्या उजेडाला धूर नाही आणि तो नव्या डोळ्यांना बोचत नाही. दरीतल्या कितीतरी माणसांनी सगळ्यात आधी मला पाहिले आहे. एकदा मी तिच्या हातातून निसटून रंगाच्या कढईवर आपटलो आणि माझा टवका उडाला. ओद्रान कढईत टवका शोधू लागला, तर ती म्हणाली, “राहू दे हो. यंदाचा रंग जरा उजळ येईल.”

घरात कोणी गेले तर आमच्याकडे त्या घरचा खडा मृताच्या उशाशी उघडा ठेवतात. त्यातला उजेड माणसाबरोबर संपू देतात. मग नातलग तो नव्या उन्हाने भरतात. ओद्रानने तसे केले नाही. “खडा हरवला,” असे त्याने सांगितले. संध्याकाळी तो पेटी उघडायचा, पिशवीचे तोंड बोटभर सैल करायचा, बोटांवर पडलेला लाल उजेड बघायचा आणि पुन्हा बांधायचा.

हिवाळ्याच्या तोंडाशी भरलेला खडा वसंतापर्यंत तग धरतो, पण नवे ऊन न मिळालेला खडा हळूहळू आंधळा होतो. मग तो पुन्हा कधीच भरत नाही. लोणच्याच्या बरणीवर दाब म्हणून ठेवण्यापलीकडे त्याचा उपयोग उरत नाही. मी मंदावत चाललो होतो, आणि हिवाळ्यासाठी दरीतून ऊन जायची वेळ आली होती.

एके दिवशी वेरुका भाकरी करायला जव घ्यायला आली. तिचा हात पिशवीला लागला.

“दाजी, हा हरवला होता ना?”

“ठेव तो जागेवर.”

“आंधळा होईल हो! मग हिवाळाभर काय, अंधारात बसणार?”

“बसेन.”

“आणि पुलाचं काय? तुम्ही चाचपडत दोर बांधणार आणि आम्ही त्यावरून चालणार? आम्हालाही पोहोचवायचंय का तिच्याकडे?”

ओद्रानने तिच्या हातातून पिशवी घेतली. मग म्हणाला, “त्यात तिनं भरलेलं ऊन आहे, वेरुका. नवं भरलं की ते जाईल.”

वेरुका तिथेच जमिनीवर बसली. “माझी बहीण होती ती,” ती म्हणाली. “पण तिनं कधी शिळं ऊन घरात ठेवलं होतं का, सांगा बरं.”

दुसऱ्या दिवशी ओद्रानने मला कठड्यावर ठेवले. ऊन मंद होते, तरी माझी वरची बाजू भरली. जुना उजेड तिथून निघून गेला. शेजारची दोरी रिकामी होती, म्हणून नवे ऊन पांढरेच आले. ओद्रान जवळ उभा होता. ऊन मध्यावर आले.

“दाजी, उलटा की तो!” वेरुका तिच्या अंगणातून ओरडली. “ऊन चाललं!”

त्याने माझ्यावर हात ठेवला. त्याचा अंगठा टवक्यापाशी आला आणि तिथेच थांबला.

“उद्या उलटतो,” तो म्हणाला.

दुसऱ्या दिवशी ऊन डोंगराच्या या बाजूला आलेच नाही.

आता हिवाळा आहे. माझ्या पांढऱ्या बाजूच्या उजेडात ओद्रान पुलाचे दोर बांधतो. घरी जेवताना तो मला पालथा करतो. भिंतीवर अगदी फिकट लाल उजेड पडतो. तो जेवतो, मग मला पिशवीत ठेवतो. मी त्याला दोष देत नाही.

मित्रांनो, कोणाच्या हातचे काही तुमच्या घरात राहिले असेल, तर ते पेटीत पुरून ठेवू नका. ते रोजच्या कामात वापरा. कोंडून ठेवलेला उजेडही विझतोच. खालच्या बाजूला आता थोडेच ऊन आहे, आणि वसंतापर्यंत ती बाजू तग धरेल की नाही, हे मला सांगता येत नाही.

ती बाजू अजून उलटायची राहिली आहे.