सहा उंडे

सम्राटांची नखं कात्रीने कापत नसत, दाई ती दाताने कुरतडत असे. त्या अंगाला पातं लागायचं नाही, सुई लागायची नाही, विस्तव तर नाहीच नाही. देवाच्या वंशातलं अंग ते. त्याच्यावर डाग पडला म्हणजे गादीवर डाग पडला. इसाको दाई चोवीस वर्षं ही नखं कुरतडत आली होती. त्या सकाळी तिने महाराजांचा हात तोंडाजवळ नेला, तर तो तव्यासारखा तापलेला होता.

मांडीवरचं गळू दहा दिवसांत लिंबाएवढं झालं होतं. राजवैद्य यायचे, मनगटावर रेशमी फडकं टाकून नाडी बघायचे, काढा लिहून द्यायचे आणि जाताना इसाकोकडे बघायचं टाळायचे. शेवटी तिने त्यांना ओसरीवर गाठलं.

"साध्या माणसाचं असतं, तर वाळल्या दवण्याची चिमूट गळवावर पेटवून सात दिवस डाग दिले असते, रोज एक," म्हातारे वैद्य म्हणाले. "गादीवर आहेत तोवर माझे हात बांधलेले आहेत."

"आणि नाही दिले तर?"

"बाई, माझ्याकडून वदवून कशाला घेता?"

मग गादी सोडावी म्हणाल, तर तीही सोय नव्हती. सम्राटांनी कधी बसायचं आणि कधी उतरायचं, हे पंधरा दिवसांच्या वाटेवर एदोला बसलेले शोगुन ठरवत. फौज त्यांची, तिजोरी त्यांची. यांच्याकडे कविता आणि कुलदैवतं. गादी सोडू द्या म्हणून पत्र गेलं होतं. उत्तर आलं होतं, की फुलांचा बहर होऊन जाऊ दे, मग विचार करू. इकडे माणूस जळत होता आणि तिकडे ते फुलं मोजत बसले होते!

चोरून डागायचं तरी कसं? एदोला निमित्तच हवं होतं. सम्राट विटाळले असं म्हणून त्यांना कुठल्याशा बेटावर धाडलं असतं आणि सोयीचं तान्हं पोर गादीवर बसवलं असतं. डागणारीची तर मानच गेली असती. शोगुनांचा माणूस काजिकावा तर वाड्यातच ठाण मांडून होता. फार नम्र माणूस. तो वाकून नमस्कार करायचा आणि वर येताना खोलीतली प्रत्येक वस्तू बघून घ्यायचा.

तरी तिने दिवस निवडला. तिसऱ्या महिन्याच्या तीन तारखेला घरोघरी दवणा घातलेले तांदळाचे हिरवे उंडे करतात. वाड्याच्या मुदपाकखान्यात पहाटेपासून रानदवणा शिजत होता, वास सगळीकडे भरला होता. त्यात आपला चिमूटभर दवणा कोणाला कळणार, असं तिला वाटलं.

वाळवून कुटलेल्या दवण्याचा कापूस तिने बाहीतून काढला. तांदळाच्या दाण्याएवढी चिमूट गळवावर ठेवली. उदबत्ती जवळ नेली, दोनदा मागे घेतली, तिसऱ्यांदा राख महाराजांच्या मांडीवर पडली.

"दाई, तू घाबरलीस?"

"घाबरले. तुम्ही नाही?"

"मला तर रडू येतंय," महाराज म्हणाले आणि त्यांनी बाहीचं टोक दातांत धरलं.

डाग बसला. ते ओरडले नाहीत, पण त्यांच्या कपाळावर घाम डवरला. इसाकोने झगा सारखा केला, तोच बाहेरच्या फळ्या करकरल्या.

"आत यायची परवानगी असावी." काजिकावाचा आवाज.

तिला विचार करायला एका श्वासाएवढा वेळ मिळाला. ती पडद्यामागे सरकली, नडगी उघडी केली, उरलेल्या कापसाची चिमूट त्यावर ठेवली आणि पेटवली.

काजिकावा आला, वाकला, वर आला. "इथे दवणा जळतोय."

"सण आहे आज. खाली शिजतोय."

"बाईसाहेब, शिजलेला दवणा वेगळा आणि जळलेला वेगळा. आम्हा शिपायांचे गुडघे लहानपणापासून डागलेले असतात. हा वास मी झोपेतही ओळखेन."

इसाकोने पडदा बाजूला केला. नडगीवरची चिमूट अजून धुमसत होती. डोळ्यांतलं पाणी थांबत नव्हतं, ते तिने थांबवलंही नाही. "पाय धरलाय हो पंधरा दिवस. म्हातारपण आलं. चुकले."

तो बराच वेळ तिच्या नडगीकडे बघत राहिला. मग त्याने महाराजांच्या झग्याकडे बघितलं. त्या झग्याला हात लावायची त्याची छाती नव्हती, शोगुनांचीही नसती. चोवीस वर्षं देवाच्या अंगाच्या त्या नियमाने इसाकोचा जीव खाल्ला होता. आज तोच मध्ये उभा राहिला.

"डागलेल्या बाईने महाराजांच्या समोर यायचं नसतं," काजिकावा मऊपणाने म्हणाला. "दुपारच्या आत वाडा सोडा. आणि आत जाणारी प्रत्येक वस्तू आजपासून मी बघणार."

एक डाग झाला होता, सहा राहिले होते. आणि महाराजांनी जन्मात स्वतःच्या हाताने काही पेटवलं नव्हतं.

दाराशी डोकं टेकताना तिला एकच गोष्ट सुचली. "महाराज, येते मी. सकाळचे उंडे नुसते बघत बसू नका हो. लहानपणापासून सांगत आलेय."

काजिकावा गालात हसला. म्हाताऱ्या दायांचं असंच असतं, असं त्याला वाटलं असणार. त्याला कुठे ठाऊक होतं, की चार वर्षांच्या महाराजांनी एकदा उंड्याला हात घातला होता, तेव्हा याच दाईने त्या हातावर चापट मारली होती! ते उंडे खायचे नसत. वाड्यात अन्नाची मारामार होती, त्या काळी फाटकासमोर उंड्यांचं दुकान चालवणाऱ्या ओकुमेच्या पणजेसासऱ्याने ते पाठवायला सुरुवात केली. मारामार संपली, रीत उरली. रोज सहा उंडे आत जात, महाराज त्यांच्याकडे बघत, आणि सहाच्या सहा परत येत.

दुपारच्या आत इसाको फाटक ओलांडून त्या दुकानात शिरली.

ओकुमे विधवा, तोंडाची फटकळ, मनाची घट्ट. इसाकोने सगळं सांगितलं तेव्हा तिचा चेहरा पिठासारखा पडला.

"अगं, माझी मान कापतील!"

"माझी आधी कापतील."

"मोठा दिलासा दिलास! आण इकडे तो कापूस."

कापसाच्या चार-चार चिमटी तेलकागदात गुंडाळून त्यांनी प्रत्येक उंड्याच्या पोटात घातल्या, वरून उंडे खारवलेल्या लाल डाळीत घोळवले. सकाळी फाटकात काजिकावाने ताट उचललं, वाकून बघितलं. उंडा फोडला तर? इसाको दुकानाच्या बांबूच्या पडद्याआड उभी राहून बघत होती. पण देवापुढचा नैवेद्य आणि सम्राटांपुढचं ताट कोणी फोडत नाही. ताट आत गेलं.

सहा परत आले.

दुसऱ्या दिवशीही सहा.

"त्यांना कळलंच नाही गं," इसाको म्हणाली. ती रात्रभर झोपली नव्हती. "चापट तेवढी लक्षात राहिली असेल."

तिसऱ्या दिवशी नोकर ताट ठेवून गेला आणि ओकुमे किंचाळली. "पाचच! शंभर वर्षांत असं नाही झालं! आणि हे बघ, ताट जाळलंय मेल्यांनी. काळं लाखेचं ताट, माझ्या सासूच्या हातचं!"

इसाकोने ताट ओढून घेतलं. काठाशी तांदळाच्या दाण्याएवढा डाग होता. त्याच्या शेजारी दुसरा. मग तिसरा, जरा नीट, गोल. आधी ताटावर हात बसवून घेतला होता पोराने, मगच मांडीवर डाग दिला होता.

ती खाली बसली आणि डागावर बोट ठेवून रडू लागली. ओकुमेने इकडे तिकडे बघितलं आणि दाराची फळी पटकन ओढून घेतली.

"रड नंतर," ती कुजबुजली. "काजिकावाने बघितलं तर? घासून काढू?"

"घासू नकोस. त्यांना उद्या दुसरं ताट दे," इसाको डोळे पुसत म्हणाली. "आणि तांदूळ भिजत घाल. अजून पाच राहिलेत."