देव झालेला खांब

मित्रांनो, मी एक जुना खांब आहे. विजेचा नव्हे आणि देवळाचाही नव्हे, खो-खोचा. चोपड्याच्या उत्तरेला, सातपुड्याच्या पायथ्याशी, केळीच्या बागांनी वेढलेलं एक गाव आहे. त्या गावाच्या शाळेमागच्या मैदानात मी पक्का गाडलेला आहे. मला पाऊल उचलता येत नाही, मान वळवता येत नाही, आणि स्वभाव मात्र असा की एक क्षण स्वस्थ बसवत नाही. सांगा, अशा जिवाने काय करावं?

हा स्वभाव माझा आजचा नाही. खांब होण्यापूर्वी मी बैलगाडीची दांडी होतो. सागवानी, सरळ, गाठ नसलेली. कापूस भरून जिनिंगला जायचो, नवरीला घेऊन नदीपलीकडे जायचो, बाजाराच्या दिवशी पोरं माझ्यावर लोंबकळायची. रस्ता संपूच नये असं मला वाटायचं. मग घरोघरी ट्रॅक्टर आले. गाडी मोडली. तिची चाकं एका ढाबेवाल्याने शोभेसाठी नेली आणि मी अभिमन सुताराच्या पडवीत कोंबड्यांच्या खुराड्याशेजारी पडून राहिलो. ते दिवस आठवले की अजून माझ्या अंगाला वाळवी लागल्यासारखं होतं.

तिथून मला उचललं जीवराम नानांनी. नाना गावातले केळीचे शेतकरी. तरुणपणी ते खो-खो खेळले होते आणि त्या खेळाचं वेड त्यांच्या डोक्यातून कधी उतरलंच नाही. गावातल्या मुलींना संध्याकाळी खेळ शिकवायचा, असं त्यांनी ठरवलं. अभिमन सुताराने माझे दोन तुकडे केले, रंधा मारला, गोल गुळगुळीत केलं. एक तुकडा मैदानाच्या त्या टोकाला, एक या टोकाला. या टोकाचा मी.

मला गाडलं तेव्हा मी मनातल्या मनात खूप शिव्या दिल्या. फिरणाऱ्या लाकडाला असं मातीत पुरायचं! पण पहिल्याच संध्याकाळी मुली धावू लागल्या आणि माझा राग कुठल्या कुठे गेला. तुम्ही खो-खो खेळला असाल तर तुम्हाला ठाऊक आहे. पाठलाग करणारीने एकदा एका दिशेने पाऊल टाकलं की तिला मधूनच मागे फिरता येत नाही. दिशा बदलायची तर खांबापर्यंत यावंच लागतं. ती वाऱ्यासारखी येते, एका हाताने खांब धरते, सगळं अंग बाहेर झोकून देते आणि गर्रकन वळते. त्या एका क्षणात तिची सगळी धाव माझ्या अंगातून जाते. मित्रांनो, गाडीने मी अख्खा मुलूख पाहिला होता, पण एवढा वेग मला कधी मिळाला नव्हता.

नाना दर हंगामाआधी मला काचकागदाने घासायचे. एकही कुसळ मुलींच्या हातात जाऊ नये म्हणून स्वतःचा तळवा वरपासून खालपर्यंत फिरवून बघायचे. "खांब ढिला धरशी, त तोंडघशी पडशी," असं ते प्रत्येकीला सांगायचे. त्या मुलींत मयुरी नावाची एक होती. ती यायची तेव्हा मला आधीच कळायचं, कारण जमीन वेगळीच थरथरायची. तिची मैत्रीण पुनम चपळ, हुलकावणी देण्यात पटाईत. पुनमला पकडायचं तर मयुरीनेच. जळगावच्या स्पर्धेतून त्या ढाल घेऊन आल्या, तेव्हा गावाने त्यांना गुलाल लावला. मलाही लावला. तो गुलाल मला आवडला, कारण दुसऱ्या दिवशी त्यांच्याच घामट हातांनी तो पुसून गेला.

मग एकेक मुलगी लग्न होऊन गेली. मयुरी पाचोऱ्याला, पुनम गावातच. नानांचे गुडघे गेले आणि मुलगा त्यांना नाशिकला घेऊन गेला. मैदानात गवत माजलं. माझा जोडीदार कोणीतरी उपटून गोठ्यात खुंटा म्हणून नेला. मी उरलो तो खोल गाडलेला होतो म्हणून. येणाऱ्याजाणाऱ्याच्या पावलांकडे कान लावून बसायचो. एकही पाऊल पळत नव्हतं.

आणि मग मी देव झालो.

हसू नका. झालं ते असं. मैदानाशेजारी राहणाऱ्या सुगंधाबाईंची म्हैस आजारी पडली. चारा खाईना, रवंथ करीना. त्यांनी तिला मोकळ्या हवेत आणून माझ्याशी बांधलं. डॉक्टरांनी येऊन इंजेक्शन दिलं. दुसऱ्या सकाळी म्हैस उठली आणि तिने माझंच अंग खसाखसा चाटलं. कावळा बसायला आणि फांदी तुटायला एकच गाठ पडली! औषध दिलं डॉक्टरांनी आणि नारळ फुटला माझ्यासमोर. सुगंधाबाईंनी तेलात कालवून शेंदूर लावला, हात जोडले, डोळे पुसले. ती म्हैस म्हणजे त्या एकट्या बाईच्या घरातलं माणूसच होतं, त्यामुळे त्यांच्यावर मला रागावताही येईना.

पुढच्या मंगळवारी दोन बाया आल्या. मग चार. कोणी झेंडा लावला, कोणी मला 'खांबदेव' म्हणू लागलं. केळीचा पहिला घड माझ्यापुढे ठेवू लागले. पंचायतीच्या निवडणुकीत तर एकमेकांविरुद्ध उभे राहिलेले दोघेही माझ्या पाया पडून गेले. आता मी कोणाला पावणार? मला काही येत नव्हतं. मला फक्त वळवता येत होतं, आणि तेही कोणी धावत आलं तर.

शेंदरावर शेंदूर चढत गेला. अंग चिकट झालं, जड झालं. पूर्वी गवतात कोणी लक्ष देत नव्हतं, ते दुःख वेगळं. आता सगळे लक्ष देत होते आणि हात कोणीच लावत नव्हतं. लहान मुलं जवळ आली की आया ओरडायच्या, "देव शे तो, लांब ऱ्हाय!" मित्रांनो, ज्याला हात लागावेत म्हणून घडवलं, त्याच्यापुढे नुसते हात जोडले तर त्याचा जीव किती तगमगतो, हे मी तुम्हाला कसं सांगू?

गेल्या वर्षी आखाजी आली. आमच्या खानदेशात आखाजी म्हणजे अक्षय्य तृतीया, सासरी गेलेल्या मुलींचा सण. त्या माहेरी येतात, कडुनिंबाला झोके बांधतात, गाणी म्हणतात. गडी माणसं सावलीला बसून पत्ते कुटतात. माझ्यापासून हाकेच्या अंतरावर मोठा कडुनिंब आहे. तिथे झोका बांधला होता, आणि त्या झोक्यावर मयुरी बसली होती.

मी तिला ओळखलं ते चेहऱ्यावरून, पावलांवरून नव्हे. पावलं थकलेल्या बाईची होती. झोका बायकांनी दिला तेवढाच जात होता, ती स्वतः एक हेलकावा देत नव्हती.

"काय वं मयुरी, झोकावर बठीसन झोप लागी ऱ्हायनी का तुले?" पुनमने विचारलं.

मयुरी खाली उतरली. दोघी चालत चालत माझ्याजवळ आल्या आणि गवतात बसल्या.

"करमस नही वं," मयुरी म्हणाली. "तठे बी करमस नही, आठे बी करमस नही. घर चांगलं शे, मानसं चांगला शेतस. पन कसामाच जीव लागस नही."

मग तिने खरी गोष्ट सांगितली. पाचोऱ्याच्या एका शाळेला मुलींना खेळ शिकवायला बाई हवी होती. तिची ढाल कोणीतरी पाहिली होती. नवरा जितेंद्र म्हणत होता, जा. सासूही म्हणत होती, जा. मयुरीनेच 'आखाजी झाल्यावर सांगते' म्हणून दिवस ढकलले होते. नाहीच म्हणायचं, असं तिच्या मनाने घेतलं होतं.

"आते माले पळता बी येस नही. पोरीसले काय शिकाडू?"

पुनम केळीच्या पॅकिंगवर कामाला जाते. घडाच्या फण्या कापायच्या, हौदात धुवायच्या, हातोहात खोक्यापर्यंत द्यायच्या. दिवसभर तेच.

"माले बी आशेच व्हये," ती म्हणाली. "मंग एक दिन फनी देता देता मन्हा तोंडमातून निंघनं, 'खो!' बाया हासन्यात. आते बठ्ठ्याच जनी म्हनतस. काम तेच शे, पन दिन कवय बुडना ते समजस नही." आणि ती एकदम उठली. "चाल. खेळूत."

"येडी व्हयनी का? लोके हासतीन."

"गडी पत्ता कुटी ऱ्हायनात. कोन देखस आपले?"

पुनमने झोक्यापाशी जाऊन हाक दिली. माहेरवाशिणी आल्या, शाळेतल्या मुली आल्या. बागेतला केळीला लावायचा बांबूचा टेकू आणून त्या टोकाला रोवला. या टोकाला मी होतोच. माझं लाकूड आतून इतकं ताणलं गेलं की मला वाटलं, तडकतो की काय! आणि तेवढ्यात सुगंधाबाई धावत आल्या.

"कोन शे तठे? देवले हात नका लावा! पाय लागी जाई! मन्ही म्हैस यानीच बरी करी!"

सगळ्या थबकल्या. मयुरी तर लगेच मागे सरली. तिला निमित्तच हवं होतं की काय, असं मला वाटलं आणि माझा धीर खचला. ती आता घरी जाईल, पाचोऱ्याला जाईल, शाळेला नाही म्हणेल आणि जन्मभर कोणीतरी झोका देईल तेवढीच हलत राहील. मला ओरडायचं होतं. खांबाला ओरडता येत नाही.

ती चार पावलं गेली. थांबली. वळून माझ्याकडे बघत राहिली.

"अक्का," ती हळूच म्हणाली, "देव व्हवाना आगोदर हाऊ आमना खांब व्हता."

"व्हई. पन आते देव शे ना!"

"पाय नही लागाव. फक्त हात लावसू. एक डाव खेळू दे."

सुगंधाबाईंनी तिच्याकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं आणि माझ्याशेजारी राखण करायला उभ्या राहिल्या. "पाय लागना त देखी लेजो," एवढंच म्हणाल्या.

डाव सुरू झाला. मयुरीने पदर खोचला. पुनम पुढे, मयुरी मागे. पहिल्या धावेत तिला दम लागला. दुसऱ्या धावेत ती वाकून उभी राहिली. पण 'खो' मिळाला की तिला उठावंच लागत होतं, आणि उठली की पळावंच लागत होतं. आणि मग, मित्रांनो, जमीन थरथरली. तशीच, पूर्वीसारखी. मला कळलं, ती येतेय.

तिने हात टाकला. पण नानांनी घासलेला खांब आता कुठे होता? तेलातल्या शेंदराचे थरावर थर. तिचा तळवा सरकला, अंग भेलकांडलं, ती आडवी झाली आणि तिचा पाय खाडकन माझ्यावर आदळला.

मयुरी मातीत पडली होती. हात लाल, साडी लाल, कपाळावर शेंदूर. तिने मान वर करून सुगंधाबाईंकडे पाहिलं.

"अक्का, पाय लागना," ती रडवेली होऊन म्हणाली.

पण सुगंधाबाईंची नजर तिच्यावर नव्हतीच. ती मैदानात होती, जिथे पुनम संधी साधून दूर निसटत होती.

"लागना त लागना!" सुगंधाबाई ओरडल्या. "ऊठ आते! ती देख, पळी ऱ्हायनी! धर तिले!"

मयुरी उठली. या वेळी तिने मला दोन्ही हातांनी घट्ट धरलं, वळली आणि सुटली. पुनमने हुलकावणी दिली, मयुरीने ओळखली. पुनमच्या पाठीवर पाच बोटांचा शेंदूर उमटला. बाद! बायका ओरडल्या, पत्ते टाकून गडी धावत आले. मयुरी धापा टाकत हसत होती, तिला बोलताही येत नव्हतं.

धाप थांबल्यावर तिने माझ्याच अंगाला टेकून पाचोऱ्याच्या त्या शाळेतल्या मॅडमना फोन लावला. "मॅडम, मी येते. पण मैदानात दोन्ही खांब पक्के पाहिजेत, तेवढं बघा." तिचं अंग अजून गरम होतं. मला इतका आनंद झाला की तो कुठे ठेवावा तेच कळेना.

दुसऱ्या दिवशी सुगंधाबाई गरम पाणी आणि चिंच घेऊन आल्या. माझा शेंदूर त्यांनी स्वतः खरवडून काढला, फक्त डोक्यावर एक टिकली राहू दिली. "मंगळवारना दिन तुना, बाकीना दिन पोरीसना," असं मला बजावून गेल्या. आता संध्याकाळी मुली येतात. पण परीक्षा आली की आठवडा आठवडा मैदान रिकामं पडतं, कापूस वेचणी आली की महिनाभर कोणी फिरकत नाही, आणि मी पुन्हा तळमळतो.

मित्रांनो, तुमच्या घरातही माझ्यासारखं काहीतरी असेल. कापडात गुंडाळून वर ठेवलेली वाजवायची पेटी, कपाटावरची बॅट, आजोबांनी जपून ठेवलेली कुदळ. तुम्ही त्याला नमस्कार करता, धूळ पुसता आणि पुन्हा जागेवर ठेवता. ते करू नका. आमच्यावर प्रेम असेल तर आम्हाला हात लावा, घाम लागू द्या, पाय लागला तर लागू द्या. लाकूड झिजतं, त्याचं मला काही वाटत नाही. मी झिजायला तयार उभा आहे. तुम्ही पळत कधी येता, तेवढं सांगा.