रिंगणातला दैत्य

वैदेहीला जपानी चित्रकथांचं वेड होतं, आणि त्यातही एकाच प्रकारच्या. कुणी साधीसुधी मुलगी जमिनीवर रिंगण काढते, मंत्र म्हणते, आणि अख्खं शहर जाळू शकेल असा दैत्य तिच्यापुढे गुडघे टेकून म्हणतो, "हुकूम!" दिवसभर नागपुरातल्या सदर भागातल्या ऑफिसात ज्याचं-त्याचं ऐकून घेणाऱ्या बाईला यात काय गोड लागत असेल, हे सांगायला ज्योतिषी नको.

शहराच्या टोकाला, बेसा भागातल्या फ्लॅटमध्ये तिचा दैत्य म्हणजे नवरा, अंकित. ती बोटानं हवेत रिंगण काढायची, तो मान झुकवायचा, की चहा तयार, भांडी स्वच्छ. नियम एकच, दैत्यानं नाही म्हणायचं नाही. अंकित मुळातच गरीब गाय. हसत हसत करायचा, निदान तिला तसं वाटायचं.

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी नागपुरात मारबत निघते, मोठमोठ्या पुतळ्यांसोबत इडापिडा गावाबाहेर घालवतात. अंकितचे वडील वामनराव दरवर्षी त्या मिरवणुकीसाठी बडग्या, म्हणजे कागद-बांबूचा पुतळा, करत आणि बापलेक मिळून तो खांद्यावर नेत. आता हात थरथरतात, यंदाचा शेवटचा, असं त्यांनी सांगून ठेवलं होतं. त्या सकाळी अंकित बूट घालत होता आणि दुपारी वैदेहीच्या मैत्रिणी, मिनल आणि रितिका, जेवायला यायच्या होत्या.

"वडे तुलेच जमतात, मले नाही," ती लाडात येऊन म्हणाली आणि त्याच्याभोवती बोट फिरवलं. "दैत्या, आज रिंगणाबाहेर पाऊल नाही!"

तो दाराकडे पाहत राहिला. मग त्यानं बूट काढले. "हुकूम."

त्याचं ते पाहणं तिनं पाहिलं होतं. पाहिलं होतं आणि मेलं आवडलंही होतं. जायची एवढी ओढ असून माझ्यासाठी थांबला! मैत्रिणींसमोर तर तिनं त्याला उगाच चार कामं जास्त सांगितली.

संध्याकाळी वामनरावांचा तिला फोन आला.

"अंकितचा ताप उतरला का वं पोरी? सकाळी लय चढला म्हणे. मी थांबलो होतो कोपऱ्यावर, म्हटलं गोळी खाऊन पोरगा येते का पाहू. मंग पोट्टे म्हणाले, काका, चला आता. जाऊ दे. तू त्याले जप."

"हो बाबा," एवढंच तिच्या तोंडून निघालं. धरणी दुभंगली तर बरं, असं तिला झालं.

अंकित वड्यांची कढई घासत होता.

"बाबांना खोटं काहून सांगितलं?"

"खरं सांगतलं असतं तर तुले बोलले असते."

तिला रडू फुटलं. "संपला हा खेळ. सोडलं मी तुले. यापुढे मनात नसलं की सरळ नाही म्हणायचं. समजलं?"

त्याचा हात थांबला. या वेळी तो हसला नाही.

"हा बी हुकूमच हाय का?"