कुसाबाईनं धुतलेला रंधा

या, बसा बाकड्यावर. भुसा झटका अन् बसा. तुमी विचारलं ना, त्या भागुबाईच्या नव्या घराला दाराच्या जागी चादर का लटकती म्हनून? सांगतो. पन त्याच्यासाठी आधी एका रंध्याची गोष्ट ऐकावी लागंल. चहा येतोय, तवर ऐका.

देवळाली कॅम्पात झुंबर सुतार राहतो. तोंड तिखट, पन हात असा, की त्यानं बसवलेल्या दारातनं मुंगीला आत जायचं तर कडी वाजवावी लागंल. त्याच्याकडं एक लांब रंधा व्हता, बाभळीचा. एका मोडीत निघालेल्या बैलगाडीचा आख, म्हंजी दोन चाकांमधला लाकडी दांडा, चिरून तरुनपनी त्यानंच केलेला. उन्हापावसात मुरलेलं लाकूड ते. आता रंधा म्हंजी काय? लाकडाचा ठोकळा, मधी तिरपं पातं, पातं दाबून धरायला पाचर. खाली तोंड, त्यातनं पातं केसभर बाहेर. ढकलला की ढलपी कागदावानी गुंडाळत वर येती.

झुंबरची लेक शुभांगी. तिच्या सासरच्यांनी नाशिक रोडला घर बांधलं. सासू भागुबाई म्हनली, "दार शोरूमचं आनू. चकचकीत असतं." शुभांगी म्हनली, "दार माझे आण्णा करतील." सासूनं बजावलं, "दसऱ्याला घरात जायचं हाय. तवर आलं तर बापाचं, नायतर शोरूमचं."

झुंबरनं माळ्यावरनं सागाच्या फळ्या काढल्या. लेकीच्या लग्नाआधीपासून राखल्या व्हत्या. त्या कडेला कड जोडायच्या, मधी उजेड दिसता कामा नये. तिथं लांब रंधाच लागतो. आखूड रंधा खड्ड्यात उतरतो अन् खड्डाच घोटत बसतो.

आता घट बसायच्या आधी घरात काय असतं, तुमाला ठाऊक हाय. गोधड्या, भांडी, डबे, सगळं धुवून निघतं. झुंबर बिजागऱ्या आनायला गेला अन् हिकडं त्याच्या बायकोनं, कुसाबाईनं, विचार केला, खंडेनवमीला हत्यारं पुजायचीच हाईत, तर ती का मळकी ठेवायची? वाकस, पटाशी, हातोडी, सगळं घासलं. रंध्यावर कैक वर्षांचा तेलकट थर. तो काय घासून निघंना. मग तिनं रंधा टपात सोड्याच्या पान्यात रात्रभर भिजत घातला आनि सकाळी पत्र्यावर वाळत टाकला. ऑक्टोबरचं ऊन ते. पापड तळून निघावा असा पत्रा.

झुंबर पत्र्यावर पाहतो तर रंधा गोरापान.

"अगं, हे काय केलंस?"

"स्वच्छ केला. एवढी वर्षं मलाच लाज वाटायची."

"अगं, मला आंघोळ घालायची असती टपात! त्याला कशाला?"

"तुमाला बी घालनार व्हते. तुमी पळाले बिजागऱ्या आनायला."

झुंबरनं रंधा सपाट फरशीवर ठेवला. एका कोपऱ्यावर बोट दाबलं तर समोरचा कोपरा वर. पीळ पडला व्हता. त्यानं आखूड रंध्यानं बूड तासून सरळ केलं. सकाळी बघतो तर परत वाकडा, कारन आतलं पानी अजून निघतच व्हतं. परत तासला. परत वाकडा. आनि बूड तासलं की तोंड रुंद होतं. रुंद तोंडाचा रंधा लाकूड सोलत नाय, ओरबाडतो.

कुसाबाई म्हनली, "जरा थांबा ना. वाळू द्या पुरता."

"दसरा थांबनार हाय का? तुझी विहीन थांबनार हाय का?"

अन् रागाच्या भरात पाचरीवर असा हातोडा घातला, की रंध्याचा गाल उभा चिरला. टाक करून आवाज झाला. पाचर पकडनाऱ्या भिंतीलाच चीर गेली म्हंजी रंधा संपला. 

कुसाबाई हळूच म्हनली, "धुतला मी. फोडला तुमी."

झुंबर तडक शेजारच्या हर्षलकडं गेला. हर्षल फर्निचरचे ठेके घेतो, त्याच्याकडं विजेचं मशीन हाय. "नाना, आधी का नाय आले? चुटकीसरशी करून देतो." मशीन फळीवर फिरलं. झुंबरच्या सागाच्या रेषांतच भोवरे, मशीनला काय त्याचं? भोवऱ्यापाशी सालपटंच्या सालपटं उपटून निघाली. हर्षल म्हनला, "नाना, वरनं लांबीची पुट्टी भरू, पॉलिशमधी कळनार नाय."

"मला कळंल ना," झुंबर म्हनला आनि उरलेल्या फळ्या काखेत मारून घरी आला.

नवा रंधा करायचा तर जुनं मुरलेलं बाभूळ पायजे. वखारीत विचारलं, तर तिथं पोराला बाभूळ म्हंजी काटे एवढंच ठाऊक. ओळखीच्या म्हाताऱ्या सुतारांकडं गेला. ते म्हनले, रंधे हॉटेलवाले घेऊन गेले, शोभेला.

गेला की मग हॉटेलात! गंगापूर धरनाकडं, मोठ्ठं हॉटेल. भिंतीवर करवती, बैलांच्या घुंगुरमाळा, आनि मधोमध लांब रंधा. पात्याच्या जागी पिवळा बल्ब. झुंबरनं बुडावरनं हात फिरवला. लाकूड अजून सरळ. त्याला रडूच यायचं बाकी राहिलं.

मॅनेजर आला. "काका, हात नका लावू. अँटिक आहे."

"अहो, चालू रंधा हाय हा! दार झालं की परत आनून देतो, बल्बासकट."

"तो भिंतीला चिकटवलाय. काढला तर तुटेल. आणि लोक फोटो काढतात ना त्याच्यासोबत."

"तोंडातनं ढलपी निघायची त्याच्या," झुंबर म्हनला, "अन् तुमी दिवा लावला व्हय!"

मॅनेजरनं चहा विचारला. झुंबरनं घेतला नाय. त्याच्यासारख्या मानसानं चहा नाकारला, यावरनं समजा.

खंडेनवमीला फुटका रंधा पाटावर मांडला. झुंबरनं हळदकुंकू वाहिलं, झेंडू ठेवला, म्हनला, "पूज त्याला. आता देवासारखाच झालाय, काय काम करत नाय." कुसाबाईच्या डोळ्यात पानी आलं. मग त्यानं उरलेला झेंडू तिच्या हातात दिला.

दसऱ्याला तिकडं नाशिक रोडला शोरूमचा टेम्पो दाराशी उभा. शुभांगी चौकटीत आडवी. "परत न्या दादा. आमचं दार येतंय." टेम्पो गेला. तिनं रिकाम्या चौकटीला तोरन बांधलं अन् खाली फुलाफुलाची चादर सोडली.

भागुबाई कडाडली, "चोर शिरतील ना!"

"तुम्ही बसल्यात ना उंबऱ्यात. कोणाची हिंमत आहे?"

तवापासून भागुबाई चादरीमागं खाट टाकून झोपती. कुत्री आत येत्यात, मच्छर आत येत्यात. जो भेटंल त्याला ती सांगती, "दिवाळीला लक्ष्मी येनार. तिला काय चादर वर करून आत घ्यायची?" झुंबरला फोन करून रोज हेच ऐकवती. दिवाळीच्या आत दार बसलं नाय तर ती स्वतः टेम्पोत बसून शोरूमचं घेऊन येनार हाय.

हिकडं कुसाबाई बाजारात भाजीचा भाव विचारायच्या आधी विचारती, "घरी बैलगाडीचा जुना आख हाय का?" एकानं हौसेनं बाभळीचं खोड आनून दिलं. ताजं, डिंक गळत व्हता. झुंबर त्याच्याकडं बघून म्हनला, "ह्याचा रंधा माझ्या नातवाच्या लग्नाला चालू व्हईल."

तर तुमी पेठ तालुक्यातले ना? तुमच्याकडं गोठ्यामागं एखादी मोडकी गाडी पडली असंलच. तिचा आख चुलीत घालू नका. पुढच्या फेरीला एसटीत टाकून आना, झुंबरचं घर मी दाखवतो. आनि हो, चिखलानं माखलेला असला तरी तसाच आना बरं का. धुवू नका.